आधी जावळ, मग बाळ

आमच्या आईच्या मते मी कार्टूनं कापतो.

हे ती लपवूनही ठेवत नाही. गेल्या महिन्यात तिच्या भजनी मंडळातल्या एक बाई घरी आल्या होत्या. मुलगा बँकेत, सून बँकेत, जावई बँकेत. स्वतः बसल्या तरी मुदत ठेवीसारख्या बसायच्या. चहाचा पहिला घोट घेऊन त्यांनी विचारलं, "तुमचा मुलगा काय करतो हो?"

"सिनेमात असतो," आई म्हणाली.

बाईंनी कप बशीत ठेवला. "अय्या! काम करतो?"

"छे, एडिटर आहे. कापतो."

"काय कापतो?"

"कार्टूनं."

बाईंनी कप परत उचलला. बराच वेळ त्यांनी काही विचारलं नाही. मग जाता जाता, चपला घालताना, खरोखरच्या काळजीने म्हणाल्या, "आणि शिवतं कोण मग?"

गिरणगावात आयुष्य गेलेल्या बाईने हा प्रश्न विचारणं चूक नव्हतं. आईने आतल्या खोलीकडे तोंड करून तो माझ्याकडे पाठवला. "अरे, शिवतं कोण?"

"मीच," मी आतून सांगितलं.

"दोन्ही तोच करतो," आईने बाईंना सांगितलं. माझ्या वीस वर्षांच्या कारकिर्दीत माझं एवढं कौतुक कुठल्या प्रोड्यूसरने केलेलं नाही.

शुद्ध मराठीत मला 'संकलक' म्हणतात. हा शब्द मी एकदा आमच्या सोसायटीच्या फॉर्मवर व्यवसायाच्या रकान्यात लिहिला. दुसऱ्याच दिवशी सेक्रेटरी काका दारात. "बरं झालं कळलं. ओला-सुका वेगळा करण्याबद्दल तू एकदा सगळ्या मजल्यांना समजावून सांग." मुंबईत संकलन एकाच गोष्टीचं होतं आणि त्याची गाडी सकाळी साडेसातला येते. तेव्हापासून मी रकान्यात 'नोकरी' लिहितो. नोकरी नाही, पण निदान झाडू हातात येत नाही.

त्यातून राहायला कॉटन ग्रीनला. म्हणजे पत्ता सांगितला की समोरचा दुसऱ्यांदा गोंधळतो. इथे कापूस नाही, आणि हिरवं म्हणाल तर पावसाळ्यात भिंतींवर येतं तेवढंच. मुंबईतल्या कापसाचे गठ्ठे पूर्वी फोर्टात रचले जायचे, आज जिथे हॉर्निमन सर्कलची बाग आहे तिथल्या मोकळ्या मैदानात. त्या मैदानाला साहेब 'ग्रीन' म्हणायचा. गठ्ठ्यांचा फार पसारा झाला म्हणून १८४४ मध्ये बाजार कुलाब्याला हलवला, आणि विसाव्या शतकात तिथूनही उचलून आमच्याकडे, शिवडी-माझगावच्या भराव घातलेल्या जमिनीवर आणून टाकला. नाव मात्र फोर्टातलंच राहिलं. आमच्या धंद्यात याला 'एल कट' म्हणतात. चित्र पुढच्या शॉटचं, आवाज अजून मागच्याच शॉटचा. हार्बर लाइनवरचं एक अख्खं स्टेशन गेली कितीतरी वर्षं एल कटवर उभं आहे, आणि रोज हजारो माणसं त्यातून चढतात-उतरतात. एकालाही खटकत नाही. मी दोन फ्रेमचा एल कट ठेवला की प्रोड्यूसर म्हणतो, "इथे काहीतरी चुकलंय का?"

तर कापतो म्हणजे नक्की काय करतो?

माझा एक मित्र साध्या, म्हणजे हाडामांसाच्या माणसांच्या सिनेमांचा एडिटर आहे. त्याच्याकडे शूटिंग संपलं की डोंगरभर माल येतो. एका वाक्याचे सतरा टेक. एकात हिरो विसरला, एकात हिरोईन हसली, एकात मागून कुत्रं गेलं. त्याने त्यातलं बरं ते निवडायचं आणि बाकीचं टाकायचं. निवडलेली भाजी विकत घेतल्यासारखं काम आहे त्याचं. तो हे ऐकून चिडतो, पण चिडायला तरी त्याच्याकडे सतरा टेक आहेत.

माझ्याकडे काहीच येत नाही. ॲनिमेशनमध्ये एडिटर आधी बसतो आणि सिनेमा नंतर बनतो. स्टोरीबोर्ड काढणारा मुलगा पेन्सिलीने चौकोन काढून देतो. चौकोनात एक बटाटा. बटाट्याखाली लिहिलेलं असतं: 'कासव, भावुक'. दुसऱ्या चौकोनात तोच बटाटा जरा डावीकडे. हे चौकोन मी ओळीने लावायचे, हा दोन सेकंद, तो सव्वा सेकंद, त्याखाली कुणाचातरी कच्चा आवाज, कुठूनतरी उसना आणलेला ढोल. याला ॲनिमॅटिक म्हणतात. ते बघून डिरेक्टरने रडायचं असतं. बटाट्याकडे बघून रडू आलं, तर मग पन्नास माणसं बसून खरं कासव बनवतात. अगदी मी सांगितलं तेवढ्याच फ्रेमचं. एक फ्रेम कमी नाही, एक जास्त नाही.

हे आईला समजावण्याचा मी एकदा प्रयत्न केला. ती माझ्या खुर्चीमागे उभी होती, हातात निवडायची मेथी.

"हे असंच दाखवणार लोकांना?"

"नाही गं. खरी चित्रं नंतर काढणार."

"मग तू आत्ता काय कापतोयस?"

"हेच. मी कापलं की मग ते काढणार."

"कापल्यावर काढणार?"

"हो."

आईने मेथीची एक काडी मोडली. "म्हणजे बाळ व्हायच्या आधीच जावळ."

या विषयावर मी जाडजाड पुस्तकं वाचली आहेत. इतक्या कमी शब्दांत कुणालाही जमलेलं नाही.

आता हिशेब बघा. सिनेमाच्या एका सेकंदात २४ फ्रेम. मुलांच्या मालिकेचा एक भाग बहुधा ११ मिनिटांचा, म्हणजे १५,८४० फ्रेम. एकेक चित्र दोन-दोन फ्रेम धरून ठेवलं तरी ७,९२० चित्रं. त्यामुळे माझ्या मित्राच्या स्टुडिओत "शॉट जरा वाढव" म्हणाले की तो माऊस ओढतो, शॉट वाढतो; कॅमेरा पुढे चालूच होता ना. माझ्याकडे शॉट जिथे संपतो तिथे जग संपतं. पुढे काळोख. दोन फ्रेम वाढवायच्या म्हणून मी ॲनिमेटरकडे गेलो, की तो माझ्याकडे असा बघतो, जणू मी त्याची किडनी मागायला आलोय, आणि तीही उसनी.

यातून एक रोग जडतो. जगातलं सगळं फ्रेममध्ये दिसायला लागतं. प्लॅटफॉर्मवर कुणी शिंकायला लागलं की मला वाटतं, शिंकेच्या आधीचा 'आ' सहा फ्रेम लांब आहे. लग्नात अक्षता टाकताना मंगलाष्टकांचं शेवटचं कडवं मी मनात कापून टाकलेलं असतं. बायको एकदा काही सांगत होती, आणि मी मान हलवून म्हणालो, "हे आधी आलंय, दुसऱ्या वाक्यात." त्या रात्री माझं जेवणही कापलं गेलं.

वॉल्टर मर्च नावाचा हॉलिवूडचा थोर एडिटर आहे. त्याचं म्हणणं असं की माणसाच्या मनात एक विचार संपून दुसरा सुरू होतो तेव्हा पापणी लवते, आणि कट तिथेच घ्यावा. हे वाचल्यावर मी आठवडाभर लोकांच्या पापण्या मोजल्या. हार्बर लाइनमध्ये समोर बसलेल्या एका गृहस्थांची पापणी काही लवेना. वडाळा आलं, किंग्ज सर्कल आलं, माणूस टक लावून. मीही टक लावून. माहीमला ते पुढे वाकले.

"काय, ओळख आहे का आपली?"

"नाही, तुमची पापणी..."

"काय झालं पापणीला?"

"लवत नाहीये."

ते वांद्र्याला उतरून शेजारच्या डब्यात गेले. खिडकीतून बघताना मात्र लवली. कट तिथेच होता.

मर्चचा नियम आमच्याकडे तसाही चालत नाही. आमच्या कासवाची पापणी आपोआप लवत नाही. ती लवावी की नाही यावर मीटिंग होते. एका भागात कासव एकूण नऊ वेळा डोळे मिटत होतं. प्रोड्यूसरने पाच केले. चार पापण्यांचे पैसे वाचले.

गाडीचं म्हणाल तर २०१८ पासून आमच्या स्टेशनवरून थेट गोरेगावची हार्बर मिळते, आणि स्टुडिओ तिकडेच आहे. फक्त एक करायचं, पनवेलची गाडी सोडायची. एवढंच. एका सकाळी माझ्या डोक्यात असं होतं, की कासवाने मान सहा फ्रेम आधी बाहेर काढली तर विनोद होईल की नंतर काढली तर. मी डोळे मिटून दोन्ही कट मनात लावून बघत होतो. डोळे उघडले तेव्हा खिडकीबाहेर वाशीची खाडी. इतकं पाणी किंग्ज सर्कलला फक्त जुलैत असतं.

डिरेक्टरचा फोन आला. "आहेस कुठे?"

"जरा लोकेशन बघायला आलोय," मी म्हणालो.

"बरं," तो म्हणाला आणि फोन ठेवला. ॲनिमेशनमध्ये लोकेशन नसतं हे त्याला तीन मिनिटांनी आठवलं.

(मान नंतर काढायची. विनोद नंतरच होतो. हे मला वाशीला कळलं, त्यामुळे खेप वाया गेली असं म्हणता येणार नाही.)

आमच्या तळमजल्यावरच्या काकांना मात्र हा सगळा उद्योगच पोरकट वाटतो. गोदीत चाळीस वर्षं वजनं उचललेला माणूस. त्यांना काम म्हणजे घाम दिसावा लागतो. रोज सकाळी मला अडवतात. "काय रे, आज कुठला उंदीर?" एकदा म्हणाले, "हे कार्टून-बिर्टून अमेरिकेतलं खूळ. आपल्याकडे कुठे होतं असलं?"

मला चेव आला. म्हटलं, काका, इथून दादर किती लांब? तिथे दादासाहेब फाळके राहायचे. राजा हरिश्चंद्राच्याही आधी, १९१२ मध्ये, त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवून वेल होईपर्यंत त्याची एकेक फ्रेम टिपली. 'अंकुराची वाढ'. पैसेवाल्यांना दाखवली, तेव्हा कुठे पुढचं भांडवल उभं राहिलं. १९१५ मध्ये आगकाड्या नाचवल्या पडद्यावर, 'आगकाड्यांची मौज'. एक काडी सरकव, एक फ्रेम घे, पुन्हा सरकव. मग प्रभातचा 'जंबूकाका' १९३४ चा. मग १९५६ मध्ये फिल्म्स डिव्हिजनने कार्टूनचा विभागच काढला, त्यातून राम मोहन तयार झाले, पुढे पद्मश्री. आणि विजया मुळ्यांची १९७४ ची 'एक अनेक और एकता' तर तुम्हाला पाठ असेल!

काकांचा चेहरा उजळला. पाठ होती. त्यांनी जिन्यातच म्हणून दाखवली, हातवाऱ्यांसकट, अगदी जाळं घेऊन उडाल्यासारखी.

"बघा!" मी म्हणालो. "आणि तिचा एडिटर कोण?"

काकांनी वर पंख्याकडे बघितलं. जिन्यात पंखा नाही.

फाळक्यांचा मला हेवा वाटतो तो दोन गोष्टींचा. एक म्हणजे वाटाणा उगवेपर्यंत त्यांना थांबता आलं. माझ्या प्रोड्यूसरने दुसऱ्या दिवशी फोन करून विचारलं असतं, "वाटाण्याचं काय झालं? सोमवारपर्यंत वेल दाखवा." दुसरी गोष्ट म्हणजे सरस्वतीबाई. तेव्हा कोरी फिल्म कडेच्या भोकांशिवाय यायची. ती भोकं रात्री अंधारात बसून सरस्वतीबाई पाडायच्या, फिल्म धुवायच्या, जोडायलाही बसायच्या. शिवाय युनिटच्या माणसांचा स्वयंपाक. हे मी बायकोला फार भारावून सांगितलं. ती विजेचं बिल भरत होती. "मीही तेच करते," ती म्हणाली. "रोज रात्री तुझ्या हिशेबाला पडलेली भोकं मोजते."

आता कुकरची गोष्ट.

आमच्या मालिकेत एक कासव कुरिअर कंपनी चालवतं. (कल्पना माझी नाही, पण माझी असती तरी मी हेच म्हटलं असतं.) खरे कलाकार आवाज द्यायला शेवटी येतात, तासावर पैसे घेतात. तोपर्यंत ॲनिमॅटिकला कच्चे आवाज घरचेच. ससा मी. मगर मी. पोस्टमन बेडूक मी. पहिल्या भागात पाऊससुद्धा मीच होतो. कासवाच्या आजीसाठी मात्र बाईचा आवाज हवा होता. बायको ऑफिसला, मुलाचा आवाज फुटलेला. राहिली आई.

"मी कधी नाटकात काम केलं नाही हो," ती म्हणाली, आणि आत जाऊन इस्त्रीची साडी नेसून आली. रेकॉर्डिंग मोबाइलवर होतं. मी हे सांगितलं तर म्हणाली, "असू दे. आवाजात फरक पडतो."

वाक्य होतं: "बाळा, घाई करू नकोस, पार्सल पळून जाणार नाही."

आईने कागद लांब धरून वाचला. "हे कुणी लिहिलंय? लग्न झालंय का त्याचं? कुठली आजी दारात निघालेल्या पोराला असं म्हणते? आजी म्हणते, आधी दोन घास खाऊन जा."

"आई, जे लिहिलंय ते म्हण."

"बरं." तिने घसा साफ केला, पदर सारखा केला आणि म्हणाली, "अरे, आधी दोन घास खाऊन जा! पार्सल कुठे पळतंय?"

आणि नेमकी त्याच क्षणी स्वयंपाकघरात कुकरची शिट्टी झाली. लांब, कडक, शेवटी जरा किंचाळणारी.

डिरेक्टरला वाक्य आवडलं, आवाज आवडला, म्हणाला हेच ठेव. ही काही नवलाई नाही. 'मॉन्स्टर्स, इंक.' मधली ती खडूस गोगलगायीसारखी रॉझ आहे ना, तिचा आवाज बॉब पीटरसन नावाच्या, गोष्टी रचणाऱ्या माणसाने कच्चा म्हणून दिला होता. तोच पक्का झाला. 'द इन्क्रेडिबल्स' मधल्या एडनाचा आवाज तर खुद्द डिरेक्टर ब्रॅड बर्डचा. हे मी आईला अभिमानाने सांगितलं. आई म्हणाली, "त्यांना किती मिळाले?"

पण आमच्याकडे प्रोड्यूसरने शेवटी एक नामवंत अभिनेत्री आणली. तिला कानात आईचा आवाज लावून दिला आणि सांगितलं, असंच हवं. त्या माउलीने चार तास आमच्या आईची नक्कल केली. 'पार्सल' मधला आईचा 'र' तिला काही जमला नाही. तो 'र' लालबागच्या मसाल्याच्या गल्लीत घासाघीस करून करून तयार झालेला आहे. तो शिकवता येत नाही.

एवढं होईपर्यंत इकडे ॲनिमेटरने शॉट पूर्ण केला होता. मुलगा सांगलीचा, अतिशय प्रामाणिक. ॲनिमेशन आवाजावर बेततात: शब्द ऐकायचा, ओठ तसे हलवायचे. त्याने आईचं वाक्य ऐकलं, तसे ओठ हलवले. शिट्टी ऐकली. म्हणून आजी दचकली. नुसती दचकली नाही. मान झटकन पाठीत, मग अर्ध्या सेकंदाने एक डोळा बाहेर, मग दुसरा. दोन आठवडे घालवले त्याने त्या दचकण्यावर. मालिकेतलं सगळ्यात सुंदर ॲनिमेशन आहे ते.

मग पक्का आवाज लागला. स्टुडिओत रेकॉर्ड केलेला, स्वच्छ. त्यात शिट्टी नाही.

प्रोड्यूसरसमोर शॉट लागला. आजी म्हणाली, आधी दोन घास खाऊन जा. शांतता. आणि आजी जिवाच्या आकांताने कवचात घुसली.

"काय झालं तिला?" प्रोड्यूसरने विचारलं.

कुणीच बोलेना. लेखक म्हणाला, "मला वाटतं तिला भूतकाळ आठवतो." मार्केटिंगच्या मुलीने लिहून घेतलं. डिरेक्टर म्हणाला, "वृद्धांच्या असुरक्षिततेबद्दल आहे ते." सांगलीचा मुलगा टेबलाखाली बघत होता. दीड तास मीटिंग चालली. दचकणं काढायचं तर शॉट नव्याने करायचा, पैसे नाहीत. कापायचं तर पुढच्या शॉटमध्ये आजी आधीच कवचात. शेवटी मी हळूच म्हणालो, "शिट्टी परत घालूया का?"

घातली. मग प्रश्न आला, शिट्टी कसली? म्हणून पार्श्वभूमी रंगवणाऱ्या मुलीने पुढच्या शॉटमध्ये तळ्याच्या तळाशी, शेवाळाच्या ओट्यावर एक कुकर काढला. पाण्याखाली गॅस कुठून आला, हे आजतागायत कुणीही विचारलेलं नाही.

आणि हे सगळं ज्यात साठवलेलं, ती हार्ड डिस्क. तिच्याबद्दल सांगितलंच पाहिजे, कारण तिच्यावर अक्षता पडल्या आहेत.

१९९८ मध्ये पिक्सारमध्ये कुणीतरी चुकीची आज्ञा टाइप केली आणि 'टॉय स्टोरी २' जवळजवळ सगळा पुसला गेला. राखून ठेवलेली प्रत बघितली तर ती बिघडलेली. तिथल्या गॅलिन सुसमन या बाईंना नुकतंच मूल झालं होतं म्हणून त्या घरून काम करत होत्या. त्यांच्या घरच्या कॉम्प्युटरवर एक प्रत निघाली. तो कॉम्प्युटर गोधड्यांत गुंडाळून, बाळंतिणीसारखा जपत, गाडीतून स्टुडिओत आणला. सिनेमा वाचला. आणि मग सगळ्यांनी तो बघितला, म्हणाले जमला नाही, आणि बहुतेक सगळा नव्याने केला! सिनेमाच्या धंद्यावर यापेक्षा मोठं भाष्य मला माहीत नाही.

ही गोष्ट ऐकल्यापासून मी एक प्रत घरी ठेवतो. आमच्याकडे खाडीचा दमट वारा. बायकोने सुचवलं, तांदळाच्या डब्यात ठेव, ओल धरणार नाही. कल्पना शास्त्रीय होती. डिस्क प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधून मी आंबेमोहोरात खोल पुरली.

श्रावणात स्टुडिओतली प्रत गेली. मी घरी धावलो, डबा उघडायला गेलो, डबाच नाही.

"वरच्या मजल्यावर सत्यनारायण आहे," आई म्हणाली. "त्यांचे तांदूळ कमी पडले. डबाच दिला उचलून."

मी जिने चढून गेलो. दारात चपलांचा ढीग, आत कथा चालू. चौरंगावर तांदळाची रास, तीवर कलश, आणि कलशाच्या शेजारी, विड्याच्या पानावर, माझी दोन टेराबाइटची हार्ड डिस्क. हळद, कुंकू, वर एक फूल.

वहिनी कुजबुजल्या, "तांदळात निघाली. आई म्हणाल्या होत्या की तुमचं महत्त्वाचं काहीतरी आहे. म्हटलं, पूजेला लावूया."

साधुवाण्याची नौका बुडून वर येईपर्यंत मी हात जोडून बसलो. नौका वर आली, डिस्कही चालू झाली. त्या दिवसापासून ती एकदाही अडकलेली नाही. मित्राने विचारलं की बॅकअपला काय वापरतोस, तर मी प्रसाद खाल्लेला माणूस, काय सांगणार?

माझ्या कारकिर्दीतलं सगळ्यात मोठं अपयश मात्र ॲनिमेशनमधलं नाही. आमच्या गल्लीतल्या गणपती मंडळाची मुलं आली. "दादा, तू एडिटर ना? आपला विसर्जनाचा व्हिडिओ कर. दहा मिनिटांचा." आणि त्यांनी नऊ तासांचं मोबाइलवरचं शूटिंग दिलं. आयुष्यभर दुष्काळात वाढलेल्या माणसाला कुणी पुरात ढकलावं, तसं झालं. ज्याने दोन फ्रेमसाठी पाय धरले, त्याच्यासमोर नऊ तास! मला टाकवेना. प्रत्येक शॉटमागे कुणीतरी पन्नास दिवस बसून चित्रं काढलीत असंच वाटायचं. गुलालाचा कण कापताना हात थरथरायचा.

मग सूचना सुरू झाल्या. अध्यक्ष म्हणाले, मी कमी दिसतो. खजिनदार म्हणाले, मी पाठमोरा आहे. माजी अध्यक्ष म्हणाले, मी आहे, पण आजी अध्यक्षांच्या नंतर आहे. एक कार्यकर्ता विसर्जनाला गावी गेला होता, त्याला तरीही घालायचं होतं. शेवटी चाळीस मिनिटांचा व्हिडिओ झाला. त्यात बावीस चेहरे, तीन सत्कार आणि बाप्पा नऊ सेकंद. पूर्ण झाला तेव्हा माघी गणपती आले होते. एका शॉटबद्दल अध्यक्षांनी सांगितलं, जरा वाढव. मी काहीच न करता परत दाखवला. ते म्हणाले, "नाही रे, आधीचंच बरं होतं."

ऑस्करचं काय, असंही काका एकदा विचारून गेले. म्हटलं, काका, पूर्णपणे ॲनिमेशनचा असलेल्या सिनेमाला आजवर संकलनाच्या ऑस्करचं नामांकनसुद्धा नाही. 'हू फ्रेम्ड रॉजर रॅबिट' ला संकलनाचं ऑस्कर मिळालं, पण त्यात सशासोबत हाडामांसाची माणसं होती.

"म्हणजे माणसं लागतात," काका म्हणाले. जिंकल्यासारखे जिना उतरून गेले.

तर मालिका आली. पहिल्या भागाच्या संध्याकाळी आईने मजल्यावरच्या सगळ्यांना बोलावलं. भजनी मंडळ, वरच्या वहिनी, तळमजल्यावरचे काका. त्या बँकवाल्या बाईसुद्धा, "शिवलेलं कसं दिसतं बघूया" म्हणून. चिवडा लालबागचा, पेढे कोपऱ्यावरचे. मी सांगून ठेवलं होतं, शेवटी नाव येईल, दीड सेकंद येतं, सगळ्यांनी तिकडे लक्ष ठेवा. छत्तीस फ्रेम. मी मोजल्या होत्या.

अकरा मिनिटं लोक हसले. कासवाने मान नंतर काढली तेव्हा काकाही हसले, आणि लगेच इकडेतिकडे बघून थांबले. आजीचा प्रसंग आला. आधी दोन घास खाऊन जा. शिट्टी. आजी कवचात. सगळी खोली फुटली.

मग भाग संपला. काळा पडदा, पहिलं नाव, दुसरं नाव. मी उठून उभा राहिलो. तेवढ्यात सगळी नावं आकसून टीव्हीच्या कोपऱ्यात काडेपेटीएवढी झाली आणि मधोमध आलं: 'पुढचा भाग ५ सेकंदांत'. माझ्या मुलाने, वेळ वाया जाऊ नये म्हणून, बटण दाबलं.

"आलं का नाव?" बँकवाल्या बाईंनी विचारलं.

"गेलं," मी म्हणालो.

आईचं तिकडे लक्षच नव्हतं. ती मघापासून कपाळाला आठी घालून बसली होती. "काय रे," ती म्हणाली, "त्या दिवशी माझ्या कुकरच्या तीन शिट्ट्या झाल्या होत्या. इथे एकच?"

"बाकीच्या दोन कापल्या."

आईने बाईंकडे वळून, पेढ्यांची ताटली पुढे करत सांगितलं, "वरण कच्चं राहिलं असणार त्या कासविणीचं."